सायरनबाईंच्या कपाटाची तहान

सायरनबाई आणि कोपऱ्यावरचा पंक्चरवाला यांचं काहीतरी शिजतंय, ही बातमी माझ्यापर्यंत आली तेव्हा मी खिडकीशी दाढी करत होतो. ऐकता ऐकता हनुवटीवर कापून घेतलं, यावरून बातमीचं वजन लक्षात यावं.

बातमी अशी होती. दर शनिवारी, नीट उजाडायच्या आत, बाई आवाज न करता जिना उतरतात. गाडी काढतात आणि थेट पंक्चरवाल्याच्या दुकानासमोर नेऊन उभी करतात. दुकानाचं शटर अर्धंच वर असतं. आत दिवा असतो. आत जाताना बाईंच्या हातात चहाचा थर्मास असतो आणि बाहेर येताना तोंडावर हसू असतं. बाई साठीच्या, नवरा जाऊन बरीच वर्षं झालेली. पंक्चरवाला त्यांच्याहून दोनचार वर्षांनी लहान, बिनलग्नाचा, आणि मिशीला कंगवा लावणारा. यापुढचं प्रत्येकाने आपापल्या मगदुराप्रमाणे जुळवायचं होतं.

ही बातमी काढली आमच्या खिडकीवहिनींनी. या समोरच्या इमारतीत पहिल्या मजल्यावर राहतात आणि खिडकी सोडून दुसरीकडे त्यांना फारसं कुणी पाहिलेलं नाही. त्यांना कमरेखाली पाय आहेत की नाहीत, हे निम्म्या गल्लीला आजही ठाऊक नाही.

"अहो वहिनी, तो त्यांना ताई म्हणतो," मी म्हणालो.

"चारचौघांत म्हणतो. शटरच्या आत काय म्हणतो, ते ऐकलंय का तुम्ही?"

"तुम्ही ऐकलंय?"

"मला ऐकू आलं असतं तर तुम्हाला कशाला विचारलं असतं?"

मी हनुवटीला तुरटी लावली. खरं काय होतं ते मला तेव्हाही माहीत होतं, पण चांगली बातमी अशी पटकन मारून टाकायची नसते. तुम्हालाही ते शेवटीच सांगणार आहे. आधी बाईंबद्दल ऐका.

सायरनबाई म्हणजे मोठ्या हॉस्पिटलच्या ॲम्ब्युलन्सवर सारा जन्म काढलेल्या ड्रायव्हर. त्या काळात त्या खात्यात बाईमाणूस एकट्या त्याच. पहिल्या दिवशी सहकाऱ्यांनी विचारलं, "बाई, गाडी मागे घेता येते का?" बाईंनी ॲम्ब्युलन्स हॉस्पिटलच्या फाटकापासून तातडीच्या विभागाच्या दारापर्यंत उलटी नेली, आणि तीही ज्या वेगाने ते सुलटी नेत त्याहून जास्त वेगाने. पुन्हा कुणी काही विचारलं नाही. रस्त्यावर त्यांचा सायरन ऐकला की वाहतूक पोलीस हात न करताच बाजूला व्हायचे. निवृत्त झाल्या तेव्हा हॉस्पिटलने समारंभ करून भिंतीवरचं घड्याळ दिलं. बाई म्हणाल्या, "आता मला वेळ सांगून काय उपयोग?"

पण बाईंना घरी बसवेल असा कुणी अजून जन्माला आलेला नव्हता. शहराबाहेर, बायपासच्या पलीकडे एक फिजिओथेरपीचं केंद्र निघालं. बसमध्ये चढता येत नाही अशा पेशंटांना घरून आणायचं आणि घरी सोडायचं, हे काम बाईंनी मागून घेतलं. त्यासाठी गाडी लागणार होती. बाईंचा मुलगा दुसऱ्या शहरात विमा कंपनीत नोकरीला आहे. त्याने आपल्या नावावर एक जुनी क्रॉसओव्हर, म्हणजे मोटार आणि जीप यांच्या मधली गाडी, घेऊन दिली. उंच, रुंद, राखाडी, सात माणसांची. गल्लीतल्या पोरांनी पहिल्याच दिवशी तिचं बारसं केलं: चाकांवरचं कपाट.

हसायला हरकत नाही, पण त्या कपाटाची किंमत ज्याचा गुडघा बदललाय त्याला विचारा. म्हणजे मला. लहान मोटारीत बसायचं म्हणजे खड्ड्यात पडल्यासारखं पडावं लागतं. जीपमध्ये बसायचं तर गडावर चढल्यासारखं चढावं लागतं. कपाटाची सीट बरोबर कमरेच्या उंचीला होती. पाठ करून उभं राहायचं, मागे टेकायचं, आणि बाई पाय उचलून आत ठेवायच्या. त्या गाडीत आम्ही तिघं होतो. एक मी. दुसऱ्या शिलाईमावशी, ज्यांची उजवी बाजू एका सकाळी अचानक लुळी पडली. त्यांची चाकांची खुर्ची मागे डिकीत. आणि तिसरे पंच. हे फुटबॉलचे निवृत्त पंच, मापाने दोन सीटचे, खुब्याचं ऑपरेशन झालेले, आणि गळ्यात शिट्टी घातल्याशिवाय दारही न उघडणारे.

तर हे कपाट पेट्रोल प्यायचं. प्यायचं म्हणजे कसं, तर पाहुणे घरात असताना पाण्याचं पिंप जसं संपतं तसं. पेट्रोल मुलाच्या कार्डावर भरलं जायचं आणि दर वेळी त्याच्या फोनवर संदेश जायचा. एकदा रजेवर आला तेव्हा त्याने आईला समोर बसवलं. मी तिथे होतो, कारण मी नेहमीच तिथे असतो.

"आई, कंपनीचा कागद म्हणतो, लिटरला सतरा किलोमीटर. गाडीतला आकड्यांचा पडदा म्हणतो अकरा. मी टाकी भरून, गाडी चालवून, पुन्हा टाकी भरून मोजलं. आठ! आठात मिनीबस जाते."

"मिनीबसमध्ये पंच मावत नाहीत," बाई म्हणाल्या.

"चेष्टा नको. पुढच्या रजेपर्यंत बारा करून दाखव. पडद्यावरचे नाही, टाकीतले बारा. नाहीतर ही विकू आणि छोटी घेऊ."

पोरगा वाईट नाही हो. कमी बोलतो, पण बोलला की शब्द मागे घेत नाही. हा गुण आईचाच. आईने विचारलंही नाही की बाराच का. नुसतं म्हणाल्या, "बारा." आणि उठून भांडी विसळायला लागल्या.

आता छोट्या गाडीचा अर्थ काय, ते आम्हा तिघांना लगेच कळलं. त्यात खुर्ची मावणार नव्हती, म्हणजे शिलाईमावशी गेल्या. पंच मावणार नव्हते. मी कसाबसा घडी होऊन मावलो असतो, पण एका गुडघ्यासाठी केंद्र काही बाईंना ठेवणार नव्हतं. म्हणजे बाई घरी. आणि बाई घरी बसल्या असत्या, तर त्या भिंतीवरच्या घड्याळाकडे बघत बसल्या असत्या. ते मला बघवलं नसतं.

बाई पंक्चरवाल्याकडे गेल्या. तो हवा, पंक्चर आणि किरकोळ दुरुस्ती करतो आणि स्वतःला डॉक्टर समजतो. "कागदावर सतरा लिहिलेत, मग मला आठ का?" बाईंनी विचारलं.

"ताई, ती परीक्षा खोलीत घेतात. गाडी रुळांवर जागच्या जागी पळते. तिथे वारा नसतो, सिग्नल नसतात, पंच नसतात."

मग त्याने टाकीत घालायला एक बाटली दिली. तिच्यावर पळत्या घोड्याचं चित्र होतं. बाईंनी ती ओतली. परिणाम एवढाच झाला की बाटली रिकामी झाली. पंक्चरवाला ओशाळला. भरपाई म्हणून आपल्या सुट्टीच्या दिवशी तो दिवसभर बाईंच्या शेजारच्या सीटवर बसून आमच्याबरोबर फिरला. खिडकीवहिनींनी ते पाहिलं आणि कथेचा दुसरा भाग त्याच संध्याकाळी प्रसिद्ध झाला: "आता उजेडातसुद्धा!"

तो दिवसभर एक अक्षर बोलला नाही. हाताची घडी घालून नुसता बघत होता. परतीच्या वाटेवर आपल्या दुकानाशी गाडीतून उतरला, दार लावलं, खिडकीतून आत वाकला आणि म्हणाला, "ताई, मागे कोण मरतंय?"

"काय?"

"मागच्या सीटवर. कुणीतरी शेवटच्या घटका मोजत असल्यासारखी चालवता, म्हणून विचारलं."

बाईंच्या नाकाचा शेंडा लाल झाला. मागच्या सीटवर आम्ही तिघंही एकदम न मेल्यासारखे ताठ बसलो. पण खरं होतं ते. बाई सिग्नल हिरवा झाला की गाडी अशी सोडायच्या की आमच्या माना मागे जायच्या, आणि पुढचा लाल दिसला तरी शेवटपर्यंत दाबत न्यायच्या, मग करकचून ब्रेक. सायरन नव्हता, तो त्यांना एकट्यांनाच ऐकू येत होता. पेशंट आणायचा क्रमही ॲम्ब्युलन्सचा: ज्याची तब्येत जास्त नाजूक तो आधी. म्हणजे आधी मावशींसाठी शहराच्या एका टोकाला, मग पंचांसाठी दुसऱ्या टोकाला, मग माझ्यासाठी पुन्हा मधे. आणि सगळ्यांत मोठी गोष्ट म्हणजे बाई पेशंटच्या दारात इंजिन कधीच बंद करत नसत. पंच जिना उतरायला जितका वेळ घेतात तितक्या वेळात माणूस जेवून हात धुऊन येतो. मावशींची खुर्ची बाहेर काढायची, घडी करायची, चढवायची. एवढा सगळा वेळ कपाट जागच्या जागी गुरगुरत पीत राहायचं.

"बंद का नाही करत?" पंक्चरवाल्याने विचारलं.

"पेशंटच्या दारात गाडी बंद करायची नसते," बाई म्हणाल्या. थोडं थांबून म्हणाल्या, "एकदाच केली होती. लवकर सुरू झाली नाही."

पंक्चरवाल्याने खिडकीतलं डोकं बाहेर काढून घेतलं. तोंडाळ म्हणून माझी ख्याती आहे, पण ही गोष्ट मी गल्लीत नेली नाही.

दुसऱ्या दिवशी मावशींच्या दारात बाईंनी गाडी थांबवली. मी आधीच गाडीत होतो, कारण मावशींच्या सुनेला माझ्याकडून एक बातमी पक्की करून घ्यायची होती. बाईंचा हात किल्लीवर गेला. परत आला. पुन्हा गेला. तिसऱ्यांदा त्यांनी डोळे मिटले आणि किल्ली फिरवली. इंजिन थांबलं. असा सन्नाटा पसरला की मावशी खिडकीतून ओरडल्या, "काय झालं हो? बिघडली?"

"नाही," बाई म्हणाल्या. "बंद केलीय." परीक्षेचा निकाल सांगावा तसा आवाज होता तो. मावशींना बसवल्यावर किल्ली फिरवली, गाडी पहिल्या झटक्यात सुरू झाली, आणि बाईंनी कपाटाच्या छातीवर, म्हणजे स्टिअरिंगच्या वरच्या बाजूला, एक थोपटी दिली. मला वाटलं होतं मी हसेन. हसू आलं नाही.

मग एकेक गोष्ट निघायला लागली. डिकी उघडली तर आत अख्खं हॉस्पिटल. रिकामं ऑक्सिजनचं नळकांडं, घडीचं स्ट्रेचर, हातपाय बांधायच्या पट्ट्या, दोरखंड, ब्लँकेटं, पाण्याचे कॅन.

"हे कशाला?" पंच म्हणाले.

"लागलं तर?"

"बाई, आमच्यापैकी कुणाला लागलं तर मी शिट्टी वाजवीन."

प्रथमोपचाराची पेटी आणि आग विझवायचं नळकांडं तेवढं राहिलं. बाकीचं बाईंनी आपल्या जुन्या हॉस्पिटलला दिलं, आणि तिथल्या पोरांना ते कसं वापरायचं यावर इतकं लांब भाषण दिलं की पुन्हा काही आणू नका अशी त्यांनी हात जोडून विनंती केली.

पायाचं वळण मात्र सुटेना. ते सोडवलं शिलाईमावशींनी. मावशी जन्मभर पायडलच्या मशीनवर शिवत आल्या होत्या. एक दिवस मागून म्हणाल्या, "अगं, तू दाबतेस. पायडल दाबायचं नसतं. पाय नुसता ठेवायचा, आणि टीप संपत आली की आधीच उचलायचा. मशीन आपल्या आपण शेवटपर्यंत जातं. जोरात मारलंस की धागा तुटतो."

"माझा धागा कुठला?"

"आमच्या माना."

त्या दिवसापासून लांबवर लाल दिवा दिसला की बाई पाय उचलायच्या आणि कपाट आपल्या आपण सरकत सिग्नलपर्यंत जायचं. पुष्कळदा पोचेपर्यंत दिवा हिरवा झालेला असायचा आणि ब्रेक लागायचाच नाही. पंचांनी घरून जुनी कार्डं आणली. विनाकारण ब्रेक लागला की शिट्टी. झटक्यात गाडी सोडली की पिवळं कार्ड, आरशात दिसेल असं धरून. एकदा एका रिकाम्या रस्त्यावर बाईंची जुनी कळ उठली आणि कपाट असं सुटलं की पंचांनी थेट लाल कार्ड काढलं.

बाईंनी शांतपणे गाडी कडेला घेतली. इंजिन बंद केलं. "उतरा."

"मी कशाला? लाल कार्ड तुम्हाला आहे!"

"मैदान माझं आहे."

मावशी इतक्या हसल्या की त्यांचा उजवा हात किंचित हलला. केंद्रातल्या डॉक्टरीणबाईंना ते आम्ही सांगितलं तेव्हा त्यांनी व्यायामाच्या तक्त्यात "हसणे" असं खरोखर लिहिलं.

आणायचा क्रम बदलला. सगळ्यांत लांबचे आधी, मग वाटेवरचे, मी शेवटी. त्यामुळे माझी दाढी नीट व्हायला लागली. केंद्राबाहेर गाडी उन्हात उभी न करता झाडाखाली उभी करायची, निघताना आधी काचा खाली करून आतली गरम हवा जाऊ द्यायची, मगच एसी. टाकी मोजायची तीही एकाच पंपावर, एकाच नळीने. आधी बाई पंपावरच्या माणसाला "काठोकाठ भर" म्हणायच्या, ही पण ॲम्ब्युलन्सची सवय. त्यामुळे आकडा कधी वर जायचा, कधी खाली. आता नळीचा पहिला टक आवाज आला की बस्स.

आकडा चढत गेला. नऊ. साडेनऊ. दहा झाले त्या दिवशी पंचांनी अख्ख्या गल्लीत शिट्टी वाजवली आणि खिडकीवहिनींना वाटलं साखरपुडा झाला. त्यानंतर अकरा झाले, साडेअकरा झाले, आणि तिथे आकडा अडला.

एक गोष्ट बाकी होती आणि ती सगळ्यांना दिसत होती. गाडीच्या टपावर एक लोखंडी कॅरिअर होतं. मुलाने गाडी घेतली तेव्हा स्वतःच्या सायकलसाठी ते बसवलं होतं. एका रजेत तो सायकल वर बांधून आला, दोन दिवस फिरला, गेला. त्यानंतर सायकल कधी आली नाही, पण कॅरिअर राहिलं. बायपासवर वेग धरला की त्यातून वारा शीळ घालायचा. आम्हाला ती शीळ इतकी सवयीची झाली होती की बायपास आला हे डोळे मिटूनही कळायचं. पंक्चरवाला दर वेळी म्हणायचा, "ताई, हे काढा. वाऱ्याला अडतं ते. पेट्रोल तिथे जातंय." आणि बाई, ज्यांनी किल्लीपासून पायापर्यंत सगळं बदललं, त्या दर वेळी म्हणायच्या, "राहू दे. तो आला तर सायकल कुठे ठेवेल?"

मुलाची रजा आली. टाकी आठवडाभर आधी भरलेली होती. शेवटच्या दिवशी तो गाडीत बसणार आणि संध्याकाळी पंपावर निकाल, असं ठरलं. आणि त्या दिवशी आम्ही तिघांनी, आता सांगतो, एक बेत केला.

पंचांच्या दारात गाडी थांबली; त्या दिवशी मी पहिल्यापासूनच गाडीत होतो. इंजिन बंद झालं. पंच वरूनच ओरडले, "आज मी येत नाही! खुबा दुखतोय!"

बाई खाली उतरल्या. "खुबा दुखतोय म्हणूनच यायचं असतं."

"अहो, आजचा दिवस माझं वजन नको ना तुम्हाला!"

"पंच!" बाईंचा आवाज असा चढला की दोन मजल्यांवरच्या खिडक्या उघडल्या. "गाडी तुमच्यासाठी आहे, तुम्ही गाडीसाठी नाही. तुम्हाला घरी ठेवून मिळवलेले बारा मी मुलाला सांगायचे? खाली या, नाहीतर स्ट्रेचर परत मागवते."

पंच आले. मागे शिलाईमावशी घामाने डबडबलेल्या, आणि तोंडाने, "मला बाई थंडी वाजतेय, एसी नका लावू." बाईंनी मागे न बघता एसी लावला. माझा बेत काय होता ते राहू दे. मी नुसता सकाळपासून उपाशी होतो.

मुलगा पुढच्या सीटवर बसून आईकडे बघत होता. लहानपणापासून त्याने या बाईला गाडी चालवताना पाहिलं होतं, डोळे मिटून आणि दाराची मूठ धरून. आज त्याचा हात मांडीवर होता. सिग्नल लांबूनच लाल दिसला, पाय उचलला गेला, कपाट सरकत गेलं, हिरवा झाला, पुढे गेलं. अशा चौकातून आम्ही गेलो जिथे पूर्वी माझी मान दोनदा अवघडली होती. मुलाची छाती फुगलेली मला मागून खांद्यांवरून कळत होती. बायपास लागला आणि टपावर शीळ सुरू झाली.

"हा आवाज कसला?" त्याने विचारलं.

"तुमचा," पंच म्हणाले.

"माझा?"

बाईंनी आरशातून पंचांकडे असं बघितलं की पंचांनी स्वतःच स्वतःला पिवळं कार्ड दाखवलं.

संध्याकाळी पंप. पंक्चरवाला दुकान सोडून आला होता; दुकान पंपाला लागूनच आहे. नळी लागली, टक आवाज आला. मुलाने फोनवर भागाकार केला आणि म्हणाला, "अकरा पूर्णांक आठ." मग घाईघाईने, "म्हणजे बाराच, आई. आणि पडदा तर तेरा दाखवतोय."

"पडदा मला आवडतो म्हणून गोड बोलतो," बाई म्हणाल्या. "अकरा आणि आठ म्हणजे बारा नाहीत."

"आई, अगं..."

"पंच, सांगा."

पंचांचा चेहरा पडला होता. पण चाळीस वर्षं त्यांनी तेच काम केलं होतं. "चेंडू पूर्ण रेषेच्या आत गेला नाही," ते हळू म्हणाले. "गोल नाही."

बाईंनी किल्ली काढून मुलाच्या हातावर ठेवली. मी त्या बाईला जन्मात कधी इतकं ताठ उभं राहिलेलं पाहिलं नव्हतं. आठवरून अकरा पूर्णांक आठवर आलेली बाई होती ती, आणि राहिलेले दोन दशांश तिने फुकट घेतले नाहीत. अभिमान वाटावा तरी किती! मावशी डिकीजवळ खुर्चीत बसून डोळे पुसत होत्या आणि घाम आहे असं सांगत होत्या.

तेव्हा पंक्चरवाल्याने घसा साफ केला. "दादा, ताईंनी सांगितलेलं सगळं केलं. एक सोडून." आणि टपाकडे बोट दाखवलं. "दर आठवड्याला सांगतो, काढा. म्हणतात, तो आला तर सायकल कुठे ठेवेल."

मुलाने वर बघितलं.

"आई, सायकल मी विकली. दोन वर्षं झाली."

"विकलीस? मला बोलला नाहीस?"

"तू विचारलं असतंस, का विकली."

"मग आता विचारते. का विकलीस?"

"चालवायला वेळच नव्हता." विमा कंपनीतला तो मोठा माणूस शाळेतल्या पोरासारखा बोलला. मग पंक्चरवाल्याकडे वळला. "पाना आहे?"

नट गंजले होते. त्याने शर्टाच्या बाह्या दुमडल्या, कपाटाच्या उंबऱ्यावर पाय ठेवून वर चढला आणि स्वतःच्या हाताने एकेक नट सोडवला. पंक्चरवाला तेल देत होता. बाई खालून, "हळू, बोट चिरेल," म्हणत होत्या, जणू कधी जखम पाहिलीच नव्हती. कॅरिअर खाली आलं तेव्हा टपावर त्याच्या चार पायांचे चार स्वच्छ ठसे राहिले.

"घे," तो किल्ली पुढे करत म्हणाला. "गाडी तुझी."

"अट म्हणजे अट. आठवडाभर चालवते. बारा झाले तर माझी."

पुढच्या आठवड्यात बायपासवर कपाट निघालं आणि टपावर शांतता. आम्ही तिघं वर बघायला लागलो. बाई म्हणाल्या, "आवाज गेला." थोड्या उदास म्हणाल्या, पण पाय ठेवला होता तसाच ठेवला. आठवड्याच्या शेवटी, त्याच पंपावर, त्याच नळीने, पहिल्या टक आवाजाला: बारा पूर्णांक चार. पंचांनी गोलची शिट्टी वाजवली ती पंपावरच्या लोकांना आग लागल्यासारखी वाटली. बाईंनी मुलाला फोन लावला आणि फक्त आकडा सांगितला. तो काय म्हणाला ते मला ऐकू आलं नाही, पण बाईंनी फोन खाली ठेवला आणि नाक शिंकरलं. त्यानंतर तो स्वतः महिन्यातून एकदा तरी येतो. आता तो बसने येतो, म्हणजे बाई त्याला आणायला कपाट घेऊन जातात. त्याच्या ऑफिसात म्हणे सगळ्यांना ठाऊक आहे की त्याच्या आईची गाडी टाकीतून टाकीत बाराच्या वर देते. विमा विकताना आधी हे सांगतो आणि मग विमा.

आता राहिलं शनिवारचं. मुलगा जायच्या दिवशी माझ्याकडे आला होता. इकडचंतिकडचं बोलला, मग म्हणाला, "काका, त्या खिडकीतल्या बाईंनी मला फोन केला होता. शनिवारी सकाळी आई..."

मी त्याला जे सांगितलं तेच तुम्हाला सांगतो. टायरमधली हवा टायर थंड असतानाच बरोबर मोजता येते. गाडी थोडी जास्त चालली की टायर तापतात आणि आकडा फुगतो. हवा कमी असली की गाडी जड चालते आणि पेट्रोल जास्त लागतं. म्हणून गाडी आली तेव्हापासून बाई दर शनिवारी दिवसाच्या पहिल्या फेरीच्या आधी हवा बघून घ्यायला जात. पंक्चरवाला त्यांच्यासाठी दुकान लवकर उघडत असे, म्हणून बाई त्याच्यासाठी चहा नेत. हवा बरोबर निघाली की हसत बाहेर येत. दुसरं काही नव्हतं.